सातवा टेक

हॅमरस्मिथच्या पोस्टासमोर क्लेमंट ऑस्गुड पडला तेव्हा एक माणूस हसला. पडण्यात विशेष असं काही नव्हतं. मासेवाल्याने दुकानापुढची फरशी धुतली होती, मार्चची थंडी होती, पाण्याचं पातळ बर्फ झालं होतं आणि एक्काहत्तर वर्षांचा एक माणूस बायकोचं पत्र पेटीत टाकायला घाईघाईने चालला होता. डावा पाय पुढे गेला, उजवा गेला नाही. आधी टोपी पडली, मग तो. गुडघ्यातली कळ थेट दातांपर्यंत पोचली. गाल फरशीपासून वीतभरावर, नाकात खवल्यांचा ओला वास, आणि अशा अवस्थेत क्लेमंटच्या मनात पहिला विचार आला तो हा, की हा माणूस जरा लवकर हसला. टोपी पडली तेव्हाच हसला. टोपीला हसायचं नसतं. टोपी पडली की श्वास आत घ्यायचा, आणि माणूस पडला की तो हसून सोडायचा. चाळीस वर्षं त्याने लोकांना हेच शिकवलं होतं, आणि लोक अजून टोपीलाच हसत होते.

हसणारा धावत आला. नगरपालिकेचा झाडूवाला होता, नारिंगी डगला घातलेला, तोंडात अजून घास. त्याने क्लेमंटला काखेत धरून उभं केलं. "माफ करा हं आजोबा, हसायला नको होतं. पण पडलात मात्र झकास! लागलं का?"

"लागलं नाही," क्लेमंट म्हणाला.

आणि ते म्हणताच त्याला कसंतरीच झालं. आवाज त्याचा होता, पण वाक्य त्याचं नव्हतं. असंच, याच बेफिकीर सुरात कुणीतरी खालून हे म्हणालं होतं. 'लागलं नाही, मालक.' तोंडात कोळशाची पूड, दात तेवढे पांढरे, आणि कमरेखाली पाय असा वळलेला की जसा पाय वळत नाही. एकोणतीस वर्षं झाली त्याला.

पत्र पेटीत टाकून तो घरी आला. हेस्टर स्वैपाकघरातल्या टेबलाशी वर्तमानपत्रातलं शब्दकोडं सोडवत होती. त्याने कोट काढला, पुन्हा घातला. खिडकीशी गेला. परत आला. गुडघा ठणकत होता, पण बसलं की जास्त ठणके. गुरुवारी नदीकाठच्या त्या नव्या चित्रपटगृहात त्याचा जुना सिनेमा दाखवणार होते. नंतर तरुण पोरं त्याला प्रश्न विचारणार. आधी दुसरं काही विचारतील, मग कुणीतरी हात वर करील आणि विचारील, तो शिडीचा प्रसंग तुम्ही कसा केलात? नेहमी तेच विचारतात. त्याचं उत्तर ठरलेलं होतं: 'शिडी चांगली लागते आणि मन वाईट.' त्यावर हशा होतो. दर वेळी, अगदी हमखास. आज पहिल्यांदाच त्याला वाटलं, आपण हे वाक्य किती वर्षं म्हणतोय, आणि ते खरं आहे हे एकाच्याही लक्षात कसं आलं नाही.

"सारखा फेऱ्या काय मारतोयस?" हेस्टरने मान वर न करता विचारलं.

"विल्फकडे जाऊन येतो."

"कुठला विल्फ?" मग तिने पेन्सिल खाली ठेवली. "विल्फ टॅपली?"

"आहे ना तो अजून? सिडनमच्या त्या नटांच्या वृद्धाश्रमात?"

"आहे. नाताळात कार्ड आलं होतं. आपलंही गेलं."

"मग झालं तर."

"क्लेम, आपलं जातं त्यावर तुझी सही मीच करते," ती म्हणाली. "गेली वीस वर्षं. तुला कधी विचारलं नाही, तूही कधी विचारलं नाहीस." तिने पेन्सिल उचलली. "मफलर घेऊन जा."

बसच्या वरच्या मजल्यावर तो आधी पुढे बसला, मग मागे जाऊन बसला. पुढच्या काचेतून रस्ता अंगावर येत होता. मागे कुणीतरी संत्रं सोललं होतं, सालं तशीच बाकाखाली पडली होती. त्या वासाने त्याला आपले वडील आठवले, कारण वडील सिनेमाला जाताना खिशात एक संत्रं ठेवत आणि ते तिथे खात नसत. स्टॉकपोर्टच्या टोपीच्या कारखान्यात ते वाफेवर होते. सबंध दिवस उकळत्या पाण्यात लोकरीचे गोळे दाबून त्यांचे हात शिजल्यासारखे गुलाबी झालेले. शनिवारी ते क्लेमंटला घेऊन मूकपट बघायला जात. बाजूला सारं थिएटर हसून हसून आडवं होई, आणि वडील ताठ बसून, गंभीर चेहऱ्याने, पडद्यावर आपटणाऱ्या माणसाकडे बघत. एकदा घरी येताना ते म्हणाले होते, "त्याला लागलं असेल रे." एवढंच. क्लेमंट तेव्हा नऊ वर्षांचा होता आणि त्याला वडिलांची भयंकर लाज वाटली होती. पुढे सिनेमात आल्यावर त्याने जे जे केलं ते बहुधा त्या एका माणसाला हसवण्यासाठी केलं. वडील हसले नाहीतच. त्याचा पहिला सिनेमा लागला त्याच्या आदल्या हिवाळ्यात ते गेले.

विनोद त्याला चुकून सापडला होता. युद्धात त्याला सैन्यासाठी शिकवणीचे छोटे सिनेमे काढायचं काम होतं. गॅसचा मुखवटा कसा चढवावा, तंबू कसा ठोकावा. तंबूच्या सिनेमात एक दांडगा सार्जंट फार मन लावून खुंटी ठोकत असे, आणि मागे तंबू हळूहळू खाली बसत असे. क्लेमंटला ते दिसलंच नव्हतं. त्याचं सगळं लक्ष खुंटीवर. पाचशे शिपायांनी ते पाहिलं आणि छावणी दणाणून सोडली. त्याच्यावर वरून ताशेरे ओढले गेले. पण अंधारात मागे उभं राहून त्याने तो हशा ऐकला होता. आधी पोटातून, मग छातीतून, मग लाटेसारखा पुढच्या रांगेपर्यंत गेलेला. त्या रात्री त्याला झोप आली नाही. त्याला कळलं होतं, की माणूस आपल्या कामात बुडालेला हवा, त्याला मागचं दिसता कामा नये, आणि आपण मात्र दोन्ही दाखवायचं. यावर त्याची पुढची वीस वर्षं चालली. मग ती चालेनाशी झाली. लोक दुसऱ्या गोष्टींना हसू लागले. शेवटी शेवटी त्याने कस्टर्डच्या जाहिराती काढल्या, त्यातही एक म्हातारी घसरायची.

बस पुलावर थांबली. खाली नदी, शिळ्या चहाच्या रंगाची. उतरावं आणि परत जावं असं त्याला वाटलं. काय बोलायचं आपण? शिडीबद्दल बोलायचं? ते तर बोलायलाच हवं.

रंगारी पालिकेच्या इमारतीची भिंत रंगवतो आहे. शिडी सरकायला लागते. पहिल्या खिडकीतली बाई लक्ष नसताना त्याच्या हातात चहाचा कप देते. दुसऱ्या खिडकीत एकजण दाढी करतो आहे. तिसऱ्या खिडकीत पाद्री. आणि मग रंगारी कपासकट खालच्या कोळशाच्या गाडीत. विल्फने हे सहा वेळा केलं. सहाही वेळा चोख. तो ओल्डहॅमच्या विनोदी खेळांतला माणूस, पाचव्या वर्षापासून पडत आलेला. बाप त्याला रंगमंचावर गोणीसारखा फेकत असे. सहाव्या टेकनंतर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. उजेड उतरला होता. आणि क्लेमंटला त्या चोखपणाचा कंटाळा आला होता. बस्स, एवढंच कारण. पडणं फार सुरेख होतं. ते पडणाऱ्याला माहीत होतं असं दिसत होतं. "विल्फ, आणखी एकदा," तो म्हणाला होता. विल्फने शिडीवर हात ठेवून पाहिला. "मालक, शिडी दमलीय." "मग लवकर उरकू." सातव्या वेळी तिसऱ्या खिडकीशी शिडी पिळवटली. विल्फच्या चेहऱ्यावर आश्चर्य उमटलं, खरंखुरं, लहान मुलासारखं. क्लेमंटला जे हवं होतं तेच. ते पाहताच त्याने डोळे मिटून घेतले. गाडीच्या लोखंडी काठावर काहीतरी आपटल्याचा आवाज झाला आणि माणसं ओरडत धावत सुटली.

सिनेमात सातवा टेकच घेतला. त्यावर क्लेमंटचं नाव झालं. विल्फच्या खुब्याचे तुकडे झाले होते आणि कणाही दुखावला होता. सात महिने इस्पितळ, आणि नंतर काठी. काठीवाल्या माणसाला कोण पाडणार? क्लेमंट एकदा भेटायला गेला होता, द्राक्षं घेऊन. विल्फचा पाय वजनं लावून वर टांगलेला. क्लेमंट भडाभडा बोलत सुटला, सिनेमापुढच्या रांगांबद्दल, वर्तमानपत्रांबद्दल. विल्फने मध्येच विचारलं, "आणि शेवट? शेवट कसा वाटला लोकांना?" क्लेमंट म्हणाला, "शेवट तर फारच आवडला. नगराध्यक्षाचं लग्न होतं ना, तिथे बायका रडतात." विल्फ बराच वेळ छताकडे बघत राहिला. मग म्हणाला, "द्राक्षं गोड आहेत."

आश्रम एका उतारावर होता. क्लेमंट एक थांबा आधीच उतरला आणि लंगडत चढ चढला, मग फाटकाशी आल्यावर पुन्हा कोपऱ्यापर्यंत मागे गेला. दुसऱ्यांदा आला तेव्हा दारात एक जाडजूड जमैकन बाई उभी होती. मिसेस पिनक, तिथली मुख्य परिचारिका.

"आत येणार आहात, की फाटक मोजताय?" तिने विचारलं. "मी खिडकीतून बघतेय मघापासून."

त्याने नाव सांगितलं. तिने त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "ते ऑस्गुड? शिडीवाले? बापरे. विल्फ म्हणायचा, मालक एक दिवस येतील. आम्हाला वाटायचं, म्हातारा बरळतोय." मग त्याच्या गुडघ्याकडे बघून, "पँट फाटलीय तुमची. रक्त येतंय. आधी ते पुसा, मी पट्टी बांधते."

विल्फ चाकांच्या खुर्चीत बसला होता. लांबट खोलीत आणखी तिघं म्हातारे टीव्हीसमोर पेंगत होते. विल्फ इतका लहान झाला होता की क्लेमंटला आधी तो दिसलाच नाही, फक्त गुडघ्यावरची चौकड्याची घोंगडी दिसली. पण डोळे तेच.

"आलात, मालक," विल्फ म्हणाला. जसं काही हा चहा प्यायला बाहेर गेला होता. "गुडघ्याला काय झालं?"

"पडलो."

"कसे?"

"मासेवाल्याच्या दारात. डावा पाय गेला."

"हात टेकले का?"

"टेकले."

विल्फने नापसंतीने मान हलवली. "हात टेकू नयेत. मनगटं जातात."

मिसेस पिनकने चहा आणून ठेवला आणि ती गेली. क्लेमंटने कप उचलला, खाली ठेवला, उठला, खिडकीपर्यंत गेला, परत बसला. विल्फ त्याच्याकडे बघत होता. शेवटी क्लेमंट म्हणाला, आणि म्हणताना ते पाठ केल्यासारखं वाटलं, "विल्फ, तो सातवा टेक घ्यायला नको होता. सहावा उत्तम होता. मला कंटाळा आला होता म्हणून मी तुला पुन्हा चढवलं. हे मी कुणालाही सांगितलेलं नाही."

"मला माहीत आहे की," विल्फ म्हणाला.

"काय?"

"तुम्हाला कंटाळा आला होता ते. दिसत होतं. सहाव्याला मलाही आला होता." त्याने बिस्कीट चहात बुडवलं. "शिडी म्हटली की पडायचीच, मालक. माझा बाप पन्नासाव्या वर्षी पडून मेला, तेही शुक्रवारी, अर्धं थिएटर रिकामं. शिडीबद्दल मी तुम्हाला कधी बोल लावला नाही. एवढ्यासाठी लंगडत आलात?"

क्लेमंटला हलकं वाटायला हवं होतं. वाटलं नाही. बिस्कीट भिजून कपात पडलं, विल्फ ते चमच्याने शोधू लागला आणि खाली बघतच म्हणाला, "मला एकच विचारायचं होतं. इस्पितळात विचारलं होतं, तुम्ही लग्नाचं सांगत बसलात. मी पडल्यावर कॅमेरा चालू होता का?"

खोलीतला टीव्ही एकाएकी फार मोठ्याने बोलतो आहे असं क्लेमंटला वाटलं. म्हणजे शेवट म्हणाला होता तो हा. सिनेमाचा नव्हे, पडण्याचा शेवट. पडद्यावर कोळशाची धूळ उठते आणि लगेच तिसऱ्या खिडकीतला पाद्री दिसतो. पुढचं नाही. पुढचं काय झालं ते आता एकट्या क्लेमंटलाच सांगता आलं असतं. 'नाही' म्हणणं सोपं होतं. धुळीत सगळे धावले, कॅमेरावाला घाबरला, बंद केला. यावर विल्फने इतकी वर्षं विश्वास ठेवलाच असणार. तो तसाच ठेवून चहा संपवून निघता आलं असतं.

"चालू होता," क्लेमंट म्हणाला.

विल्फचा चमचा थांबला.

"म्हणजे ते आलं होतं? फिल्मवर?"

"आलं होतं. सगळं."

"कप?"

"कपाचा नुसता कान राहिला होता तुझ्या बोटांत. धूळ खाली बसली, आणि आधी हात वर आला. करंगळी ताठ. मग तुझं डोकं. तू त्या कानाकडे बघितलंस, आणि तो ओठाला लावून प्यायलास."

विल्फचा चेहरा हळूहळू लाल होत गेला, आधी कान, मग मान. "मी तुटलो होतो," तो म्हणाला. "कमरेखाली आग लागली होती. आणि मला वाटलं, हे अर्धं टाकून मरायचं नाही. पाचव्या वर्षापासून पडतोय मी. पण उठणं, उठणं मला कधी जमलं नव्हतं, बाप त्यावरून मारायचा. त्या दिवशी जमलं. एकदाच. आणि तू ते कापलंस?" 'मालक' गेलं होतं, 'तुम्ही'ही गेलं होतं. "शिडी घेतलीस, पडणं घेतलंस, आणि तेवढंच कापलंस, हरामखोरा? मी एकोणतीस वर्षं त्या कोळशात पडून आहे!"

टीव्हीसमोरचा एक म्हातारा जागा झाला आणि पुन्हा पेंगला. "तो तुकडा आहे का कुठे?" विल्फने विचारलं.

"नाही. मी स्वतः नेऊन जाळला."

"का?"

हे त्याने हेस्टरलाही सांगितलं नव्हतं. "लोकांना तुझा चेहरा बघवणार नाही, असं मी आयव्हरला सांगितलं." आयव्हर हा त्याचा संकलक, जाडा, सुस्त, भला माणूस. "पण ते खोटं होतं. आयव्हर जेवायला गेला होता. खोलीत मी एकटा. तू इस्पितळात, तुझा पाय राहतो की जातो हे ठरायचं होतं. मी ते यंत्रावर लावलं. आणि मी हसलो."

विल्फने चमचा बशीत ठेवला.

"मला थांबता येईना," क्लेमंट म्हणाला. "तुला लागलंय हे मला माहीत होतं. दिसत होतं. तरी मी हसलो. माझा बाप असता तर त्याने माझ्याकडे असं बघितलं असतं, की... हे बघून ज्याला हसता येतं तो माणूस कसला असेल? मला ते घरात नको होतं. जगात नको होतं."

बाहेर उतारावरून एक दुधाची गाडी बाटल्या खळखळवत गेली. विल्फने खुर्चीचं चाक धरलं आणि खुर्ची थोडी खिडकीकडे वळवली, त्यामुळे त्याचा चेहरा दिसेना.

"कुठे हसलास?" त्याने विचारलं. "हात वर आला तेव्हा?"

"नाही."

"कान बघितला तेव्हा?"

"तिथे सुरू झालं. पण प्यायल्यावर तू आत बघितलंस. तळाला साखर राहिली का, ते बघावं तसं."

"आत?" विल्फ म्हणाला. "कान होता नुसता. आत कुठलं?"

"तेच तर."

"हे मला आठवत नाही." त्याचा आवाज अगदी बारीक झाला होता. "कान आठवतो, पिणं आठवतं. आत बघितलेलं आठवत नाही. खरंच बघितलं मी?"

"बघितलंस. मग बोटाने तळ पुसलास, आणि बोट चाटलंस."

विल्फने घोंगडीतून आपला उजवा हात बाहेर काढला आणि त्याकडे बघितलं. बोटं वाकडी झाली होती, करंगळी सरळ होत नव्हती. क्लेमंट उठून उभा राहिला. जावं की थांबावं, त्याला कळेना. गुडघ्यावरची पट्टी ओली झाली होती.

"माफ केलं असं समजू नकोस," विल्फ खिडकीकडे बघत म्हणाला.

"नाही समजत."

"किती वेळ हसलास?"

"आयव्हर जेवून परत येईपर्यंत."

विल्फच्या खुर्चीची पाठ हलली नाही. चहावर साय धरली होती. मिसेस पिनक दारात येऊन उभी राहिली, काहीतरी सांगणार होती, पण दोघांकडे बघून तशीच थांबली.

"आयव्हर," विल्फ म्हणाला, "जेवायला फार वेळ लावायचा."